आठवा चेहरा

"आजी, ऑप्शनच येत नाहीये गं."

मे महिन्यातली दुपार होती. कॉलेजला सुट्टी लागली म्हणून नात पुण्याहून सांगलीला आमच्याकडे आलेली. जेवणं आटोपली की माजघरातल्या टेबलावर लॅपटॉप उघडायचा आणि चहाची हाक येईपर्यंत 'द सिम्स ४' खेळायचं, हा तिचा सुट्टीतला नेम. मी शेजारी गवार मोडत बसलेली. तिच्या आवाजातला वैताग मला चांगलाच ओळखीचा होता. टेलिफोन खात्यात मी एकतीस वर्षं काढली, त्यातली चौदा टेस्ट डेस्कवर, म्हणजे बंद पडलेल्या लाइनी तपासायच्या टेबलावर. स्वतःचा फोन बंद पडलेला, म्हणून लोक शेजाऱ्यांच्या घरून तक्रारीचा १९८ नंबर फिरवायचे आणि नेमक्या याच सुरात सांगायचे, "काल रात्रीपर्यंत चालू होता हो. सकाळी उचलला तर डेड."

मी गवार बाजूला ठेवली आणि खुर्ची ओढून घेतली.

हा खेळ ज्यांनी पाहिला नसेल त्यांना थोडं सांगते. यात शत्रू नाही, गोल नाही, शेवटही नाही. आपण माणसं घडवायची, त्यांना घर बांधून द्यायचं, नोकरीला लावायचं. त्या माणसांना 'सिम' म्हणतात. त्यांना भूक लागते, झोप येते, कंटाळा येतो, कुणाशी तरी बोलावंसं वाटतं. ते सगळं आपण बघायचं. फ्रिजवर क्लिक केलं की त्याच्याभोवती गोलाकार बुडबुडे उमटतात: स्वयंपाक कर, काहीतरी तोंडात टाक. दुसऱ्या माणसावर क्लिक केलं की नमस्कार कर, विनोद सांग, भांड. सगळा खेळ या बुडबुड्यांवर चालतो. बुडबुडा आला नाही, तर ती गोष्ट तुमच्यासाठी त्या जगात नाहीच.

नातीनं माझ्याकडून ऐकलेल्या आमच्या जुन्या घरावरून त्यात एक वाडा उभा केला होता. मधे चौक, चौकात तुळस म्हणून एक फुलझाडाची कुंडी, पुढं सोपा. घरात आजी-आजोबा, थोरला मुलगा, थोरली सून, त्यांची शाळकरी मुलगी, आणि धाकटा मुलगा नि त्याची बायको. धाकट्या जोडप्याला आता मूल हवं होतं. त्यासाठी दोघांपैकी एकाला निवडून पलंगावर क्लिक केलं की 'ट्राय फॉर बेबी' असा बुडबुडा यायला हवा. तो येत नव्हता. नात एकोणीस वर्षांची आहे आणि मी सहासष्टची. दोघींनी न संकोचता, तक्रारीकडे बघावं तसं त्याकडे पाहिलं.

टेस्ट डेस्कवर तक्रारीची चिठ्ठी आली की पहिला प्रश्न ठरलेला: तक्रार नेमकी काय आहे? डेड म्हणजे आवाजच नाही, की घंटा वाजत नाही, की आपलं बोलणं पलीकडे जात नाही? इथंही मी तेच विचारलं. ऑप्शन फिकट दिसतो की मुळीच दिसत नाही?

"म्हणजे?"

म्हणजे असं. सिमकडे पैसे कमी असले तरी महागड्या पदार्थाचं नाव यादीत राहतं. फक्त ते फिकट होतं आणि माउस वर नेला की कारण लिहून येतं. तो नकार आहे, पण सांगून दिलेला. दुसऱ्या तऱ्हेत बुडबुडा उमटतच नाही. हा फरक खेळ लिहिणाऱ्यांनी जाणूनबुजून ठेवलेला आहे. प्रत्येक ऑप्शनमागं अटींची एक यादी असते. ज्या अटीला कारणाची ओळ जोडलेली असेल, ती मोडली की ऑप्शन फिकट दिसतो. जिला ओळ जोडलेली नाही, ती मोडली की ऑप्शन नाहीसा होतो. खेळात स्वतःची भर घालणारी, म्हणजे मॉड लिहिणारी हौशी मंडळी या याद्या उघडून बघतात, त्यामुळे हे गुपित राहिलेलं नाही. खेळणाऱ्याच्या डोळ्यांना मात्र नाहीसा झालेला ऑप्शन आणि बिघडलेला ऑप्शन अगदी एकसारखे दिसतात. सगळा घोळ तिथून सुरू होतो.

आमचा ऑप्शन फिकट नव्हता. पार नाहीसा होता. मेनूत खाली 'मोअर चॉइसेस' असतं, त्यात दुसरं पान निघतं. तेही पाहिलं. नव्हता.

दुसरा प्रश्नही ठरलेला. शेवटचा कधी दिसला होता, आणि त्यानंतर काय बदललं?

"रविवारी होता. मग सोमवारी एक मॉड टाकला. बाकी काहीच नाही."

"बाकी काहीच नाही" हे उत्तर मी किती हजार वेळा ऐकलं असेल. लोक खोटं बोलत नसत. एका गृहस्थांच्या घरी लाइनमन तीनदा जाऊन आला. ते प्रत्येक वेळी म्हणायचे, घरात काहीच बदल नाही. चौथ्यांदा तो गेला तेव्हा भिंतीला ठोकलेलं नवंकोरं शोकेस त्याच्या नजरेत भरलं. सुताराचा खिळा मागच्या वायरमधून आरपार गेला होता. शोकेस हा त्यांच्या लेखी बदल नव्हता, ती घरात आलेली आनंदाची गोष्ट होती. हौसेनं आणलेली वस्तू माणूस 'बदल' या सदरात मांडत नाही. तेव्हापासून नव्या लाइनमन मुलांना मी सांगत आले, "काय बदललं" असं विचारू नका, "घरात नवीन काय आलं" असं विचारा. त्या दुपारी नातीला तसं विचारायचं माझ्याकडूनच राहून गेलं. पुढचे दोन तास त्यात गेले.

तिचा सगळा रोख मॉडवर होता, आणि तसा संशय घेणं चूक नव्हतं. पण मला आधी समजून घ्यायचं होतं की हा ऑप्शन मुळात राहतो कुठं. सिमच्या डोक्यात, की पलंगात?

याचं उत्तर खेळाच्या जन्माशीच जोडलेलं आहे. विल राइट हे अमेरिकन खेळकर्ते. शहर वसवण्याचा 'सिमसिटी' हा त्यांचा खेळ १९८९ सालचा. ऑक्टोबर १९९१ मध्ये कॅलिफोर्नियात ओकलंडच्या डोंगरात मोठा वणवा पेटला, त्यात त्यांचं घर जळून गेलं. संसार पुन्हा शून्यातून जमवताना, कुठली वस्तू आपण का विकत घेतो, तिनं आपली कुठली गरज भागते, असा विचार त्यांच्या मनात घोळू लागला. त्यातून पुढं ४ फेब्रुवारी २००० रोजी पहिला 'द सिम्स' बाहेर आला. त्याच्या रचनेतली मला सगळ्यात आवडलेली गोष्ट ही, की शहाणपण माणसात न ठेवता वस्तूंत ठेवलं. फ्रिज घरभर सांगत असतो, माझ्याकडे या, भूक भागेल. पलंग सांगतो, माझ्याकडे झोप आहे. सिम भुकेला असला की त्याला फ्रिजची हाक मोठी ऐकू येते. फ्रिज कसा उघडायचा, त्यातून काय काढायचं, हे सगळं फ्रिजमध्येच लिहिलेलं. म्हणून उद्या खेळात एखादी नवी वस्तू आली तरी जुन्या माणसांना ती वापरायला वेगळं शिकवावं लागत नाही.

तर ऑप्शन पलंगात असतो, आणि तो दाखवायचा की नाही हे अटी ठरवतात. हा विचार करताना मला आमचं जुनं स्ट्रोजर पद्धतीचं एक्स्चेंज डोळ्यांसमोर आलं. रॅकवर रिले ओळीनं बसवलेले असायचे. एका तारेत पाच-सहा संपर्क एकामागोमाग एक जोडलेले, आणि शेवटी छोटा दिवा. सगळे संपर्क मिटले तरच दिवा लागायचा. एक उघडा राहिला तर दिवा बंद, आणि तो नेमका कुठला हे दिवा सांगत नाही. तेव्हा आपण एकेका संपर्काला हात लावून बघायचं.

मग वहीत नातीला जेवढ्या माहीत होत्या तेवढ्या अटी लिहून काढल्या. दोघं वयात आलेले हवेत, आणि गरोदर राहणारी स्त्री वृद्धत्वाच्या टप्प्यात गेलेली नको. दोघांत रक्ताचं नातं नको. प्रेमाचा पट्टा पुरेसा भरलेला हवा. ती आधीच गरोदर नको. पलंग दोघांचा हवा. आणखी एक अट २०१६ पासूनची आहे. सिम घडवताना तो गरोदर राहू शकतो, दुसऱ्याला गरोदर करू शकतो, की यातलं काहीच नाही, हे तिथंच निवडता येतं. सुरुवातीला चुकून वेगळी खूण झाली तर पुढं कित्येक तासांनी ऑप्शन गायब होतो आणि आठवतही नाही. दोघांची ती पानं आम्ही उघडून पाहिली. खुणा बरोबर होत्या. प्रेमाचा पट्टा तर गुलाबी रंगानं टोकापर्यंत भरलेला.

आता मॉड. मॉड म्हणजे खेळ विकणाऱ्यांनी नव्हे तर हौशी लोकांनी लिहिलेली भर. कुणी नवे कपडे करतं, कुणी नवे ऑप्शन जोडतं. नातीच्या फोल्डरमध्ये अशा बावन्न फायली होत्या. काही 'पॅकेज' प्रकारच्या, काही 'स्क्रिप्ट' प्रकारच्या. हा खेळ पायथॉन भाषेत लिहिलेल्या सूचनांवर चालतो, आणि स्क्रिप्ट फायलींत त्याच भाषेतल्या जादा सूचना असतात. मॉडमुळे ऑप्शन जातो तो बऱ्याचदा असा: एका मॉडनं पलंगाच्या ऑप्शनांची अख्खी यादी बदलून स्वतःची बसवलेली असते, दुसऱ्यानंही तेच केलेलं असतं. खेळ त्यातली एकच यादी धरतो आणि दुसरी सोडून देतो. सोडलेल्या यादीतले ऑप्शन त्याबरोबर जातात. एमडीएफवर, म्हणजे बाहेरच्या तारा एक्स्चेंजला जोडतात त्या चौकटीवर, तारांच्या एकाच जोडीला दोन जंपर, म्हणजे जोडतारा, बांधल्या की काय होतं, हे ज्यानं पाहिलंय त्याला हे वेगळं सांगायला नको.

उलटीही तक्रार असते, मॉडनं आणलेलाच ऑप्शन दिसत नाही अशी. त्याची कारणं साधी आहेत. खेळाचा अपडेट आला की मॉड चालू ठेवण्याची खूण आपोआप निघते. ऑप्शन्समध्ये जाऊन ती पुन्हा करावी लागते, स्क्रिप्टसाठीची वेगळी खूणही, आणि खेळ बंद करून परत सुरू करावा लागतो. शिवाय स्क्रिप्ट फाइल 'मॉड्स' फोल्डरच्या आत फार तर एका पोटफोल्डरमध्ये चालते. त्याहून खोल ठेवली तर खेळ तिच्याकडे बघतच नाही. एखाद्या ऑप्शनसाठी विकतचा पॅक, म्हणजे कंपनीनंच काढलेली जादा भर, लागतो आणि तो घेतलेलाच नसतो, असंही होतं. मूळ खेळ ऑक्टोबर २०२२ पासून फुकट झाला, पण पॅक अजून विकत घ्यावे लागतात. कुणाच्या पडद्यावर पाहिलेला बुडबुडा आपल्याकडे नसण्याचं कारण अनेकदा एवढंच असतं.

बावन्न फायली एकेक करून तपासल्या असत्या तर रात्र झाली असती. खेळणाऱ्यांत यासाठी 'फिफ्टी-फिफ्टी' नावाची रीत आहे. अर्धे मॉड बाहेर काढायचे, खेळ सुरू करायचा, बघायचं. बिघाड गेला तर तो काढलेल्या अर्ध्यात, राहिला तर उरलेल्या अर्ध्यात. मग त्या अर्ध्याचे पुन्हा दोन भाग. बावन्नचे सव्वीस, सव्वीसचे तेरा, असं करत पाच-सहा फेऱ्यांत दोषी फाइल हाताला लागते. नात मला हे समजावून सांगत होती आणि मला आमच्या केबलचे दिवस आठवत होते. एक्स्चेंजमधून निघालेली जोडी आधी एमडीएफवर येते, मग कॅबिनेट, मग पिलर, मग गल्लीतली डीपीची पेटी, शेवटी ड्रॉप वायरनं घरात. फोन डेड झाला की अख्खी लाइन चालत जाऊन कुणी बघत नाही. एमडीएफवर लाइन मोकळी करायची, बिघाड आत आहे की बाहेर ते ठरवायचं. बाहेर असेल तर मधल्या पिलरवर लाइनमनला उभं करायचं आणि तिथून पुन्हा तेच: एक्स्चेंजकडे की घराकडे? तिला सांगितलं, "ही रीत आमचीच आहे." ती म्हणाली, "मग तूच सांग पुढचं."

बिघाड मॉडमध्ये आहे की नाही हेच आधी ठरवायचं होतं, म्हणून आम्ही पहिल्या कापात सगळेच मॉड बाहेर काढले. डॉक्युमेंट्समध्ये 'इलेक्ट्रॉनिक आर्ट्स', त्यात 'द सिम्स ४', त्यात 'मॉड्स'. ते अख्खं फोल्डर उचलून डेस्कटॉपवर ठेवलं. 'द सिम्स ४' फोल्डरमध्येच 'लोकलथम्बकॅश' नावाची एक फाइल असते, तिच्यात जुन्या आठवणी साठून राहतात. ती पुसून टाकली. खेळ ती नव्यानं तयार करतो, त्यामुळे भीती नाही. एक मात्र आधी केलं आणि ते प्रत्येकानं करावं: चालू खेळाची 'सेव्ह अ‍ॅज' करून वेगळ्या नावानं प्रत काढून ठेवली. मॉड काढलेल्या अवस्थेत खेळ मूळ नावावर सेव्ह झाला, तर त्या मॉडमधून आलेल्या वस्तू वाड्यातून कायमच्या जाऊ शकतात.

खेळ सुरू झाला. पलंगावर क्लिक. ऑप्शन नाही.

नातीचा चेहरा उतरला. मला मात्र बरं वाटलं. बावन्न फायली एका फटक्यात निर्दोष ठरल्या होत्या. टेस्ट डेस्कवर "बिघाड इथं नाही" हे उत्तरही तितकंच मोलाचं असतं, पण ते ऐकून तक्रारदाराला कधी आनंद झालेला मी पाहिला नाही.

दुसरा काप. बिघाड खेळात की या घरात? नव्या खेळात दोनच माणसांचं घर केलं, रिकाम्या जागेवर चार भिंती, एक पलंग. क्लिक केलं आणि बुडबुडा लगेच उमटला. म्हणजे खेळ ठणठणीत होता. बिघाड वाड्यात होता.

त्या दोघांच्या घरात नसलेलं असं वाड्यात काय होतं? माणसं. म्हणून तिसरा काप माणसांवर घेतला. 'मॅनेज हाउसहोल्ड्स'मध्ये एका घरातलं माणूस दुसऱ्या घरात हलवता येतं. आजोबांना तेवढ्यापुरतं शेजारच्या कुटुंबात पाठवलं आणि वाड्यात परतलो. पलंगावर क्लिक.

"आला! आजी, आला!"

तिला वाटलं, आजोबांचीच काहीतरी अडचण आहे. वडीलधारी घरात असली की चालत नसेल, असा तिनं लगेच तर्कही लावला. मी म्हटलं, थांब. एकदा दिवा लागला म्हणून संपर्क सापडला असं होत नाही, उलट बाजूनंही बघायचं. आजोबांना परत आण, आणि त्यांच्याऐवजी दुसऱ्या कुणाला तरी पाठव. "कुणाला?" तिनं विचारलं. पडद्याच्या खाली डाव्या कोपऱ्यात घरातल्या सगळ्यांचे चेहरे ओळीनं असतात. कुणाला पाठवायचं ते ठरवावं म्हणून मी चष्मा वर सरकवून त्यांच्यावरून बोट फिरवलं. आजी, आजोबा, थोरला, थोरली, पोरगी, धाकटा, धाकटी. सात. आणि त्यांच्यापुढं, जीभ बाहेर काढलेला, तांबूस रंगाचा आठवा चेहरा.

"हा कोण?"

"मोत्या. सोमवारी दत्तक घेतला."

बाकी काहीच बदललं नव्हतं ना, असं मी तिला म्हटलं नाही. ती स्वतःच पडद्याकडे बघत गप्प झाली होती.

या खेळात एका घरात जास्तीत जास्त आठ जण राहू शकतात, हे तिला पक्कं माहीत होतं. कुत्र्या-मांजरांचा पॅक नोव्हेंबर २०१७ मध्ये आला. त्यातला प्राणी घरी आणला की तो त्या आठांतच धरला जातो, हे तिच्या ध्यानात आलं नव्हतं. मोत्यानं आठवी जागा घेतली, घर भरलं. येणाऱ्या बाळाला जागा उरली नाही, म्हणून पलंगानं विचारणंच बंद केलं. आजोबा गेले तेव्हा ऑप्शन आला तो एक जागा मोकळी झाली म्हणून. आजोबांना परत आणून मोत्याला शेजारी पाठवलं, तेव्हाही तो आला. दोन्हीकडून खात्री झाली.

मला त्या खेळाच्या हिशेबाचं फार अप्रूप वाटलं. आमच्या रेशन कार्डावर घरातल्या सगळ्यांची नावं होती, सासूबाईंपासून रांगत्या मुलापर्यंत. सोप्यावर झोपणाऱ्या कुत्र्याचं नव्हतं. तो चौदा वर्षं आमच्यात राहिला. त्याच्यासाठी रोज एक भाकरी जास्त थापली जायची, आणि तरीही कुणी विचारलं की आम्ही घरात नऊ माणसं असं सांगायचो, दहा कधी नाही. खेळ लिहिणाऱ्यांनी त्याला माणसांच्याच ओळीत बसवलं, त्याच्यासाठी जागा राखली, आणि त्याच्यासाठी दुसऱ्या कुणाची जागा अडली तरी चालवून घेतलं. मला ते योग्य वाटतं.

पुढचं काम नातीचं होतं. मार्ग तीन. मोत्याला कायमचं शेजारी द्यायचं. नाहीतर आठाची मर्यादा वाढवणारा एखादा मॉड टाकायचा, तसे मॉड आहेत. किंवा कुणीतरी वेगळी चूल मांडायची. मर्यादा वाढवली तर घर सांभाळणं आणि संगणक सांभाळणं दोन्ही जड जातं, म्हणून तो मार्ग तिनं सोडला. मोत्याला देण्याचा विषय मी काढला तेव्हा तिनं माझ्याकडे असं पाहिलं की मी तो परत काढला नाही. चहा झाल्यावर मॉडचं फोल्डर जिथलं तिथं ठेवलं, दोन्ही खुणा आहेत ना ते पाहिलं, खेळ नव्यानं सुरू केला. मग तिनं पलीकडचं रिकामं घर घेतलं. थोरला, थोरली नि त्यांची मुलगी तिथं राहायला गेली. वाड्यात पाच चेहरे उरले. 

मी तिला इतक्यात उठू दिलं नाही. टेस्ट डेस्कचा शेवटचा नियम असा, की आपल्या मीटरवर लाइन चांगली दिसली तरी चिठ्ठी बंद करायची नाही. तक्रारदाराला फोन लावायचा, त्यानं स्वतः उचलून "चालू आहे" म्हटलं की मगच बंद. म्हणून मॉडसकट, मोत्यासकट, चालू खेळात तिनं पलंगावर क्लिक करेपर्यंत मी पेन हातात धरून बसले. बुडबुडे गोल उमटले. तिनं एकेक वाचला.

"आहे, आजी."

मी वहीत त्या दिवसाची तारीख घातली आणि चिठ्ठी बंद केली.